भगवानदादांची हरवलेली रिळे

भगवानदादा म्हटले की आपल्यापुढे एकच चित्र उभे राहते. ठेंगणा, अंगाने भरलेला एक माणूस दोन्ही हात कोपरात वाकवून, खांदे हलके हलवत जागच्या जागी नाचतो आहे. गणपतीच्या मिरवणुकीत, लग्नाच्या वरातीत, एवढेच काय, आपल्या स्नेहसंमेलनाच्या रंगमंचावरसुद्धा ही पावले दरवर्षी पडतात. ती ज्या चित्रपटातून आली तो ‘अलबेला’ १९५१ सालचा. म्हणजे आपल्यापैकी अनेकांच्या आजोबांच्या बालपणीचा. तरीही तो नाच जुना झाला नाही, आणि ज्याला नाचता येत नाही अशा माणसालाही तो नाचता येतो, हे त्याचे खरे यश!

परंतु या माणसाने ‘अलबेला’च्या आधी तब्बल बारा-तेरा वर्षे चित्रपट काढले होते, ही गोष्ट फारशी कोणाला ठाऊक नसते. ते चित्रपट नाचगाण्याचे नव्हते. चोरी, दरोडा, सूड, फसवणूक, रहस्य आणि त्यावर उतारा म्हणून भरपूर मारामारी, असा त्यांचा मामला असे. कथा जुळवण्यात दादांचा हात असे, दिग्दर्शन त्यांचेच असे आणि पडद्यावर मार देणारे व खाणारेही तेच असत. माझ्या मते भगवानदादा घडले ते त्या वर्षांत. ‘अलबेला’ हे त्या घडणीचे फळ होय. म्हणून या लेखात त्या वर्षांवर अधिक लिहिणार आहे. सर्वांना माहीत असलेला भाग थोडक्यात आटोपला तर वाचकांनी राग मानू नये.

भगवान आबाजी पालव यांचा जन्म १ ऑगस्ट १९१३ रोजी अमरावतीला झाला. अमरावती आपल्या वर्ध्याची शेजारीणच. दोन्हीकडे काळी माती, दोन्हीकडे कापूस. दादांचे वडील कापड गिरणीतले कामगार होते आणि दादांचे लहानपण मुंबईत, परळ-दादरच्या कामगारवस्तीत गेले. आपल्याकडचा कापूस गाठी बांधून आगगाडीने मुंबईला जाई, आणि पुष्कळदा त्या गाठींच्या मागोमाग माणसेही जात. ज्यांना इतक्या लांब जायचे नसे ते हिंगणघाटच्या किंवा पुलगावच्या गिरणीत लागत. ज्या घरात वडील पाळीवर जातात, त्या घरातल्या मुलाचे दिवस कसे जातात, हे आपल्या जिल्ह्यातल्या वाचकांना मी वेगळे सांगायला नको. भगवानची शाळा लवकरच सुटली. मिळेल ते अंगमेहनतीचे काम त्याने केले. उरलेल्या वेळात दोनच नाद: आखाडा आणि सिनेमा.

हे दोन नाद एकत्र येतील असा तो काळ होता. १९३१ साली ‘आलम आरा’ येईपर्यंत आपला सिनेमा मुका होता. मूकपटात काम करणाऱ्याला भाषा कोणती येते, उच्चार शुद्ध आहेत की नाहीत, शाळा किती झाली, हे कोणी विचारीत नसे. अंग चपळ हवे, उडी मारता यायला हवी, पडता यायला हवे. तालमीत घाम गाळलेल्या पोरांना म्हणूनच त्या दुनियेत थोडीफार जागा होती. भगवान तिथे शिरला तो अशाच लहानसहान विनोदी आणि मारधाडीच्या कामांतून. चेहरा नायकाचा नव्हता आणि उंचीही नव्हती. पण पडण्याची आणि पाडण्याची त्याला भीती नव्हती.

पुढे चित्रपट बोलू लागला आणि दारावर भाषेचा पहारा बसला. नायकाला आता उर्दूमिश्रित हिंदी सफाईने बोलता यावे लागे, शिवाय गाताही यावे लागे. शिकलेल्या, संगीत नाटकातून आलेल्या, चांगल्या घरातल्या माणसांकडे सिनेमा सरकू लागला. मूकपटातले कसरतपटू मागे पडले. त्यांना उरला तो स्टंटपट, म्हणजे जिथे संवाद कमी आणि हाणामारी जास्त. १९३५ सालच्या वाडिया मूव्हिटोनच्या ‘हंटरवाली’ने या प्रकाराला मोठी बाजारपेठ मिळवून दिली. तेव्हा भगवानने स्टंटपटाची वाट धरली ती केवळ आवडीने धरली असे म्हणवत नाही. गिरणी कामगाराच्या पोराला त्या वेळी सिनेमात जी एक वाट उघडी होती, ती ही होती.

१९३८ साली त्यांनी चंद्रराव कदम यांच्यासह ‘बहादूर किसान’ हा चित्रपट दिग्दर्शित केला. त्या वेळी वय अवघे पंचवीस. पुढच्याच वर्षी आला ‘क्रिमिनल’. नंतर ‘बदला’, ‘लालच’, ‘मतलबी’, ‘जलन’... ही नावे ओळीने वाचली की एखाद्या फौजदारी खटल्यातले आरोपपत्र वाचतो आहोत असे वाटते! माणूस गुन्हा का करतो याची जेवढी कारणे, तेवढे जणू चित्रपट.

येथे १९३९ या सालाकडे क्षणभर पाहावेसे वाटते. त्याच वर्षी पुण्याच्या प्रभात कंपनीचा ‘माणूस’ प्रदर्शित झाला. एक पोलीस शिपाई आणि एक वेश्या यांची ती कथा. त्यातही खून आहे, तुरुंग आहे. व्ही. शांतारामांचा तो चित्रपट आजही अभ्यासला जातो आणि ते योग्यच आहे. पण ‘माणूस’ आणि ‘क्रिमिनल’ हे एकाच वर्षी, एकाच प्रांतात, मराठी माणसांनीच केलेले चित्रपट. एकाच्या वाट्याला पुस्तकातली प्रकरणे आली. दुसऱ्याचे नाव यादीत सापडते, तेवढेच. दोन्हींची योग्यता सारखी होती असा माझा दावा मुळीच नाही. तो करताही येणार नाही, कारण तुलना करायला दुसरा चित्रपट हाती लागत नाही.

हे चित्रपट होत कसे? दादांच्या एका चित्रपटाचा खर्च सुमारे पासष्ट हजार रुपये असे, असे सांगतात. त्या काळातही पूर्ण लांबीच्या बोलपटासाठी ही रक्कम बेताचीच होती. मग काटकसर कोठे करायची? कपडेपट दादाच ठरवीत. चित्रीकरणाच्या दिवशी माणसांच्या जेवणाची व्यवस्थाही तेच पाहत. बाबूराव पहिलवान, वसंतराव पहिलवान यांच्यासारखी आखाड्यातली मंडळी त्यांच्या चित्रपटांत पुनःपुन्हा दिसत. यात एक शहाणपण होते. पहिलवानाला लढत शिकवावी लागत नाही, आणि आपल्याच माणसाला ठोसा कोठे मारायचा व कोठे मारल्यासारखे करायचे हे सरावाने कळते. धोक्याच्या उड्या दादा स्वतः मारीत. बदली माणूस वापरीत नसत. अमेरिकेच्या मूकपटांतला डग्लस फेअरबँक्स हे त्यांचे दैवत. उंच भिंतीवरून, जिन्याच्या कठड्यावरून हसत हसत उडी मारणारा तो नट दादांनी मनात पक्का बसवला होता.

मात्र एक फरक त्यांनी स्वतःचा केला आणि मला तो महत्त्वाचा वाटतो. फेअरबँक्स रुबाबदार. भगवानदादांचा नायक बहुधा भोळा, बावळट, कोणीही टपली मारावी असा. गुन्ह्याच्या कथेत असा नायक घालणे ही साधी गोष्ट नाही. गुन्हेगार हुशार असतो, सावकार हुशार असतो, बंगल्यातला मालक हुशार असतो. आणि ज्याला सगळे मूर्ख समजतात तो शेवटी सगळ्यांना पुरून उरतो. चार आण्यांच्या जागेवर बसलेल्या प्रेक्षकाला हे पाहताना काय वाटत असेल? दिवसभर ज्याला मुकादमाने तू मूर्ख आहेस असे सांगितले, तो रात्री पडद्यावर आपल्यासारख्याच एका मूर्खाला जिंकताना पाही. दादांचा प्रेक्षक मुख्यतः कामगारवर्ग होता. आपण कोणासाठी चित्रपट काढतो आहोत हे त्यांना शोधायला जावे लागले नाही; ते त्या वस्तीतच राहत होते.

शिकलेल्या मंडळींना हे चित्रपट आवडत नसत. स्टंटपट म्हणजे हलका माल, असे समीकरण होते. आजही चित्रपटाच्या इतिहासावरची पुस्तके उघडली तर प्रभात, न्यू थिएटर्स, बॉम्बे टॉकीज यांच्यावर पानेच्या पाने असतात, आणि स्टंटपटांची बोळवण परिच्छेदाच्या शेवटी होते. त्याच सुमारास बाबूराव अर्नाळकरांच्या रहस्यकथा मराठी वाचक हातोहात नेत होते आणि वाङ्मयाचे इतिहासकार त्यांच्याकडेही पाठ फिरवून बसले होते. वाचनालयातून जे पुस्तक सर्वांत जास्त वेळा बाहेर जाते, त्याचेच नाव अभ्यासक्रमात कधी नसते, हा अनुभव आपल्याला नवा नाही.

माझे आजोबा पुलगावच्या गिरणीत बदली कामगार होते. लहानपणी जत्रेत आलेल्या तंबूच्या सिनेमात त्यांनी भगवानचा एक मारामारीचा चित्रपट पाहिला होता. नाव त्यांना आठवत नाही. कथाही आठवत नाही. पण बाबूराव पहिलवान आणि भगवान यांची झटापट ते आजही हातवारे करून दाखवतात, आणि दाखवताना हटकून भगवानची बाजू घेतात. हा लेख लिहिताना मी त्यांना पुष्कळ खोदून विचारले. मुंबईतल्या चित्रपटगृहांतून उतरलेली रिळे झिजत झिजत खेड्यांपर्यंत वर्षानुवर्षे फिरत असत, त्यामुळे तो चित्रपट कोणत्या सालचा हेही ठरवता येत नाही. आमच्या घरात सिनेमाविषयीची ती सर्वांत जुनी आठवण आहे आणि तिला नाव नाही.

दादा केवळ हिंदीतच राहिले असे नाही. १९४१ साली त्यांनी ‘वनमोहिनी’ हा तमिळ चित्रपट दिग्दर्शित केला. जंगलातली नायिका आणि तिचा सोबती हत्ती! तमिळ भाषा येत नसताना तमिळ चित्रपट करायचा म्हणजे मूकपटाचीच विद्या पुन्हा कामास आली म्हणायची. या चित्रपटाला संगीत होते रामचंद्र चितळकरांचे, म्हणजेच सी. रामचंद्रांचे. पुणतांब्याचा हा तरुण संगीतकार त्या वेळी धडपडत होता. पुढच्या वर्षी ‘सुखी जीवन’ या आपल्या हिंदी चित्रपटाचे संगीतही दादांनी त्यांनाच दिले आणि रामचंद्रांना हिंदीत पाय रोवता आले. दोघांची मैत्री शेवटपर्यंत टिकली. मारधाडीच्या स्वस्त चित्रपटांनी हिंदी सिनेमाला काय दिले असे कोणी विचारले, तर सी. रामचंद्र हे एक उत्तर देता येईल.

आता त्या वर्षांतला एक प्रसंग सांगितला पाहिजे. दादांवर लिहिणारे तो कधी एका वाक्यात उरकतात, कधी नशिबाच्या खात्यावर टाकतात. १९४२ साली ‘जंग-ए-आझादी’ या चित्रपटाच्या चित्रीकरणात दादांना ललिता पवारांच्या थोबाडीत मारण्याचा प्रसंग करायचा होता. ललिताबाई मूळच्या येवल्याच्या. मूकपटापासून काम करीत आलेल्या, त्या वेळच्या नायिका. घोड्यावर बसणाऱ्या, स्टंटपट गाजवणाऱ्या. दादांचा हात जोरात बसला. इतका, की ललिताबाईंच्या चेहऱ्याची एक बाजू लुळी पडली, डाव्या डोळ्याची शीर दुखावली. पुष्कळ उपचार झाले. डोळा मात्र कायमचा बारीक राहिला. नायिकेची कामे संपली.

पुढे त्याच डोळ्यासह त्या हिंदी सिनेमातल्या सर्वांत मोठ्या चरित्र अभिनेत्रींपैकी एक झाल्या. ‘अनाडी’तली मिसेस डिसा आणि दूरदर्शनच्या ‘रामायण’मधली मंथरा कोणाला आठवत नाही? त्यामुळे लोक सहज म्हणून जातात की जे झाले ते एका परीने बरेच झाले. मला हे पटत नाही. ललिताबाई मोठ्या झाल्या त्या स्वतःच्या गुणांवर. त्या थपडेने त्यांच्याकडून जे घेतले ते परत दिले नाही. आणि दादांचा हेतू वाईट नव्हता म्हणून त्या घटनेतली चूक नाहीशी होत नाही. ज्या आखाड्याच्या ताकदीचे आपण आतापर्यंत कौतुक करीत आलो, तीच ही ताकद. पहिलवानाला पहिलवानाशी खोटी लढाई करता येते, कारण दोघांनाही पडायचे कसे ते ठाऊक असते. खोटा मार खरा वाटला पाहिजे, ही स्टंटपटाची अट होती. त्या दिवशी तो खराच लागला, आणि किंमत मारणाऱ्याने मोजली नाही. भगवानदादांचा मी चाहता आहे. पण त्यांची थोरवी सांगताना हा डोळा झाकून पुढे जाणे मला जमले नाही.

१९४२ सालीच दादा निर्माते झाले. कंपनीचे नाव ‘जागृती पिक्चर्स’. महायुद्ध चालू होते, कच्च्या फिल्मवर सरकारी नियंत्रण आले होते, कित्येक कंपन्या अडचणीत होत्या. आणि गिरणी कामगाराचा हा मुलगा मालक होत होता. १९४७ साली त्यांनी चेंबूरला जागा घेऊन स्वतःचा ‘जागृती स्टुडिओ’ उभारला. राज कपूर यांचा प्रसिद्ध आर. के. स्टुडिओ त्याच चेंबूरमध्ये पुढच्या वर्षी सुरू झाला, यावरून दादांची त्या वेळची उडी किती मोठी होती याची कल्पना येईल. ही उडी कशाच्या जोरावर? तर ‘क्रिमिनल’ आणि ‘बदला’सारख्या, कोणी समीक्षा न लिहिलेल्या चित्रपटांच्या. चार-चार आणे जमून स्टुडिओ उभा राहिला होता.

या काळाचा शेवट ‘भेदी बंगला’ने झाला, असे म्हणावयास हरकत नाही. १९४९ सालचा हा रहस्यपट. ‘भेद’ म्हणजे गुपित. ज्या बंगल्यात गुपित आहे तो भेदी बंगला. भुताटकी, अंधार आणि त्याआडचा माणूस, अशा धर्तीच्या चित्रपटांची पुढे हिंदीत रांग लागली. नुसत्या मारामारीकडून दादा भीतीकडे आणि कुतूहलाकडे वळत होते, हे या चित्रपटावरून दिसते. गुन्ह्याच्या कथेत ठोशापेक्षा पुढे काय होणार हा प्रश्न अधिक पकड घेतो, हे दहा-अकरा वर्षांच्या अनुभवाने त्यांना उमगले असावे. या वाटेने ते आणखी पुढे गेले असते तर?

ते गेले नाहीत. राज कपूर यांनी त्यांना सामाजिक चित्रपट काढण्याचा सल्ला दिला आणि त्यातून ‘अलबेला’ जन्माला आला. येथे नियतीने मोठी गंमत केली आहे. १९५१ हे साल पाहा. त्या वर्षी गुरुदत्त यांचा पहिला चित्रपट ‘बाजी’ आला: जुगाराचा अड्डा, खून, पोलीस, शहरातली रात्र. त्याच वर्षी राज कपूर यांचा ‘आवारा’ आला. त्यातही चोर आहे, खून आहे, न्यायालय आहे. म्हणजे गुन्ह्याचा चित्रपट ज्या वर्षी सुशिक्षितांच्या पसंतीस उतरला, नेमक्या त्याच वर्षी बारा वर्षे गुन्ह्याचे चित्रपट काढणारा माणूस ती जागा सोडून नाचगाण्याकडे गेला! आणि ‘बाजी’त ज्या गीता बाली नायिकांपैकी एक होत्या, त्याच ‘अलबेला’च्या नायिका. एकाच वर्षी एकच अभिनेत्री या दोन्ही दारांत उभी होती.

‘अलबेला’विषयी काय लिहावे? प्यारेलाल नावाचा गरीब घरातला तरुण नट होण्याच्या वेडाने घर सोडतो आणि रंगभूमीवर गाजतो, एवढीच कथा. सी. रामचंद्रांनी पाश्चात्य वाद्ये आणि आपला ठेका यांचे असे मिश्रण केले की देश डोलू लागला. हवाई बेटांच्या पोशाखातले ‘शोला जो भडके’ हे गाणे पाहताना आजही वर्गातल्या बाकावर बोटे वाजतात. नायक स्वतः दादा. उंची तीच, पोट तेच, आणि समोर गीता बालींसारखी चपळ नटी! पण एक गोष्ट मी चित्रपट दोनदा पाहिल्यावर माझ्या ध्यानात आली. गाण्यांमागे जी कथा आहे तिच्यात प्यारेलाल घरी पाठवतो ते पैसे घरच्यांना मिळत नाहीत. नात्यातलाच माणूस ते मधल्या मध्ये लाटतो, आणि नायक परत येतो तेव्हा घर उद्ध्वस्त झालेले असते. अफरातफर! ‘लालच’ आणि ‘मतलबी’ काढणाऱ्याने सामाजिक चित्रपटातही एक गुन्हा आणून ठेवलाच. शिवाय तो गुन्हाही असा, की मुंबईहून गावी मनिऑर्डर करणाऱ्या प्रत्येक कामगाराच्या पोटात गोळा यावा.

दादांच्या नाचाचे रहस्यही मला त्यांच्या आखाड्यात सापडते. ती पावले नर्तकाची नाहीत. दोन्ही हात पुढे, कोपर अंगाजवळ, गुडघे थोडे वाकलेले, वजन या पायावरून त्या पायावर. कुस्तीत डाव लावण्याआधी मल्ल असाच हेलकावे घेत उभा राहतो. प्रतिस्पर्धी काढून टाका आणि त्या जागी गीता बाली ठेवा! हे माझे स्वतःचे मत आहे. आमच्या गावच्या आखाड्यातल्या वस्तादांना दाखवून मी त्याची खात्री करून घेतली आहे.

यशाची पुढली वर्षे सर्वश्रुत आहेत. जुहूला समुद्रकाठी पंचवीस खोल्यांचा बंगला होता आणि आठवड्याच्या वारांप्रमाणे सात मोटारी होत्या, असे सांगतात. १९५३ साली ‘झमेला’ आला. नायिका त्याच, संगीतकार तेच. १९५६ साली किशोरकुमारना घेऊन ‘भागम भाग’ काढला. पण ‘अलबेला’चे यश पुन्हा काही हाती आले नाही. १९६६ सालच्या ‘लबेला’ने तर दिग्दर्शक म्हणून त्यांची कारकीर्दच संपवली. किशोरकुमारना घेऊन सुरू केलेला ‘हँसते रहना’ पुरा झालाच नाही. बंगला गेला, मोटारी गेल्या, स्टुडिओ गेला. दादा पुन्हा दादरच्या चाळीत राहायला आले.

ही पडझड दादांच्या उधळेपणामुळे झाली असे पुष्कळजण म्हणतात. असेलही. परंतु माझ्या मनात एक वेगळा विचार येतो. पासष्ट हजारांच्या चित्रपटात तोटा झाला तरी माणूस पुढच्या महिन्यात दुसरा चित्रपट सुरू करू शकतो. मोठ्या चित्रपटात एकदा तोटा झाला की सावकार दाराशी येतो. स्टंटपटांचा धंदा दादांच्या मापाचा होता. त्याचा प्रत्येक खिळा त्यांना ठाऊक होता. मोठ्या सामाजिक चित्रपटाच्या व्यवहारात ते शिकलेल्या माणसांच्या मैदानात उतरले, आणि तिथे कुस्ती कामाची नव्हती. ज्याला घरात विचारायला कोणी नाही, अशा पहिल्या पिढीच्या माणसाला यशानंतर काय करायचे हे कोण सांगणार?

या सर्वांहून मोठे नुकसान पैशाचे नव्हते. ज्या गोदामात त्यांच्या जुन्या चित्रपटांच्या मूळ प्रती ठेवल्या होत्या त्याला आग लागली आणि ‘अलबेला’पूर्वीचे त्यांचे बहुतेक चित्रपट जळून गेले. त्या काळची फिल्म नायट्रेटची असे. ती आगीच्या बाबतीत दारूगोळ्यासारखीच. एकदा पेटली की पाण्यानेही सहज विझत नाही. आपल्या देशातले मूकपट आणि सुरुवातीचे बोलपट मोठ्या संख्येने असेच नष्ट झाले. पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ साली स्थापन झाले. तोवर फार उशीर झाला होता. त्यातही मोठ्या कंपन्यांच्या, नावाजलेल्या चित्रपटांच्या प्रती कोणीतरी कोठेतरी जपल्या होत्या. मारधाडीच्या चित्रपटाची प्रत फाटेपर्यंत तंबूतून चालवायची आणि मग टाकून द्यायची, हाच रिवाज होता. आग लागली नसती तरी त्यातले किती वाचले असते, कोण जाणे.

दिग्दर्शन सुटले तरी दादांनी काम सोडले नाही. ‘झनक झनक पायल बाजे’, ‘चोरी चोरी’ या चित्रपटांत ते आधीच दिसले होते. पुढे जसजसे दिवस बदलले तसतशा भूमिका लहान होत गेल्या: कधी नाचाच्या प्रसंगात दोन पावले, कधी गर्दीतला एक चेहरा, कधी हवालदार. ज्याने उमेदीची वर्षे चोर-दरोडेखोरांचे चित्रपट काढले, तो म्हातारपणी पडद्यावर हवालदाराची टोपी घालून उभा राहिला. मिळेल ते काम करायचे, ही मुळातली सवय त्यांनी शेवटपर्यंत ठेवली. नव्या पिढीतल्या मोठमोठ्या नायकांनी त्यांच्याच पावलांवर नाच बसवून टाळ्या घेतल्या.

सी. रामचंद्र, अभिनेते ओमप्रकाश, गीतकार राजेंद्र कृष्ण हे जुने स्नेही त्यांना भेटायला चाळीत येत असत. बाकीच्यांनी येणे सोडले होते. गणपती विसर्जनाच्या दिवशी मात्र मिरवणूक त्यांच्या घरापुढे थांबे, बँडवाले ‘अलबेला’चे गाणे धरीत, आणि दादा खाली येऊन दोन पावले टाकीत. ४ फेब्रुवारी २००२ रोजी, वयाच्या ८८व्या वर्षी, दादरच्या त्या घरीच हृदयविकाराच्या झटक्याने त्यांचे निधन झाले.

२०१६ साली त्यांच्या जीवनावर ‘एक अलबेला’ हा मराठी चित्रपट निघाला. त्यात मंगेश देसाई यांनी दादांची आणि विद्या बालन यांनी गीता बालींची भूमिका केली. आमच्याकडे तो लागला तेव्हा मी शाळेत होतो. पुढे मोबाईलवर आजोबांना सोबत घेऊन पाहिला. आजोबा गाण्यांना मान डोलावत होते. संपल्यावर त्यांनी बाबूराव पहिलवानाची मारामारी का दाखवली नाही म्हणून विचारले आणि मग उठून, काठी बाजूला ठेवून, ती झटापट पुन्हा एकदा मला करून दाखवली.